कर्ज दिलं कुणी, बुडालं कुणाचं?

बचत गटात कुणी कर्ज मागितलं की आपण आधी विचारतो, कशासाठी हवं? हप्ता कुठून भरणार? कारण ते बुडालं तर आपलेच पैसे बुडतात. हे प्रश्न विचारायचं सोडून दिलं तर काय होतं, ते २००८ साली अमेरिकेमुळे साऱ्या जगाने पाहिलं.

२००३ मध्ये तिथल्या मध्यवर्ती बँकेचा व्याजदर अवघा १ टक्का होता. कर्ज स्वस्त झालं, घरांच्या किमती चढत गेल्या. मग ज्यांची मिळकत पुरेशी नव्हती, त्यांनाही घरकर्ज मिळू लागलं. पहिली दोनतीन वर्षं हप्ता लहान, पुढे मोठा. देणारे निर्धास्त होते, कारण बरीच कर्जं ते स्वतःकडे ठेवतच नव्हते. हजारो कर्जांचे गठ्ठे बांधून, त्यांचे रोखे करून ते जगभर विकले जात. पत ठरवणाऱ्या संस्थांनी त्यांतल्या अनेक रोख्यांना उत्तम दर्जा दिला. त्यांची फी मात्र रोखे काढणारेच भरत होते!

२००६ पर्यंत व्याजदर सव्वापाच टक्क्यांवर गेला. हप्ते वाढले, घरांच्या किमती उतरू लागल्या. घर विकूनही कर्ज फिटेना. लाखो कुटुंबांची घरं गेली. कुणाकडे किती बुडीत रोखे आहेत ते कळेना, म्हणून बँका एकमेकींनाही पैसे देईनात. १५ सप्टेंबर २००८ रोजी १५८ वर्षं जुन्या लेहमन ब्रदर्सने दिवाळखोरी जाहीर केली. उद्योगांना भांडवल मिळेना, माणसांच्या नोकऱ्या गेल्या. ऑक्टोबर २००९ मध्ये अमेरिकेतली बेकारी १० टक्क्यांवर पोहोचली.

आपल्या बँकांकडे असे रोखे फारसे नव्हते. तरी झळ लागलीच. परदेशी गुंतवणूकदारांनी पैसे काढून घेतले. जानेवारी २००८ मध्ये २१ हजारांवर गेलेला मुंबईचा सेन्सेक्स ऑक्टोबरमध्ये ८ हजारांच्याही खाली उतरला. अमेरिकेत दागिन्यांची खरेदी आटली आणि सुरतेत हिऱ्यांना पैलू पाडणारे हजारो कारागीर घरी बसले. त्यांनी तर ते कर्ज घेतलंही नव्हतं.

आज दारात येऊन किंवा मोबाइलवर झटपट कर्ज देणारे पुष्कळ आहेत. देणारा काही विचारत नसेल, तर आपण विचारायचं. व्याज किती? हप्ता पुढे वाढणार का? एखादा महिना कमाई झाली नाही तर काय? उत्तरं कागदावर वाचल्याशिवाय सही करू नका.