वीजवाला पाको

नायकाचे रूप ओसरले की त्याने मुकाट्याने काका-मामांच्या भूमिका स्वीकाराव्यात, अशी चित्रसृष्टीची जुनी रीत आहे. स्पेनच्या फ्रान्सिस्को राबालने ती पार उलटी केली. त्याचे खरे सोने झाले ते रूप गेल्यावर!

राबाल १९२६ साली मुर्सिया प्रांतात, आगिलासजवळच्या खाणकामगारांच्या वस्तीत जन्मला. पुढे कुटुंब माद्रिदला आले आणि पोरगा चामार्तीन स्टुडिओत वीजकाम करू लागला. इतरांच्या तोंडावर उजेड पाडणाऱ्या या पोराला हळूहळू किरकोळ भूमिका मिळाल्या, मग नाटके, मग नायकपद. देखणा होताच, आवाजही खर्जातला. लोक त्याला घरच्यासारखे ‘पाको’ म्हणत.

लुईस बुन्युएलने त्याला मेक्सिकोत नेऊन ‘नाझारीन’मध्ये (१९५९) पाद्री केले. शेवटी या कैदी पाद्र्याला एक फळवाली अननस देऊ करते. तो आधी नाकारतो, मग घेतो. आजवर देणाऱ्याला घेण्याची पाळी आली, ही सारी घालमेल राबाल नुसत्या डोळ्यांतून दाखवतो. दोनच वर्षांनी ‘विरिदियाना’त तोच नट व्यवहारी, रंगेल होर्खे झाला. गाडीला बांधलेल्या कुत्र्याची दया येऊन तो त्याला विकत घेतो, आणि मागून दुसरी गाडी जाते, तिलाही कुत्रा बांधलेला! स्पेनमध्ये या चित्रपटावर १९७७ पर्यंत बंदी होती.

एक गंमत सांगतो. ‘द फ्रेंच कनेक्शन’साठी (१९७१) विल्यम फ्रीडकिनला हवा होता राबाल; नावांच्या घोटाळ्यात येऊन उभा राहिला फेर्नांदो रे. राबालला इंग्रजी येत नाही असे कळल्यावर रेच कायम झाला. फ्रीडकिनने ही हौस ‘सॉर्सरर’मध्ये (१९७७) भागवून घेतली.

पण मला विचाराल तर राबालला पाहावे ते मारियो कामुसच्या ‘लोस सान्तोस इनोसेन्तेस’मध्ये (१९८४). मिगेल देलिबेसच्या कादंबरीतला आसारियास हा जमीनदाराच्या वाड्यावरचा भोळसट म्हातारा गडी. बोलणे मोजके, तेही पुटपुटल्यासारखे. पाळलेल्या पाखराला मात्र तो लेकरासारखी साद घालतो. शिकार साधली नाही म्हणून चिडलेला धनी ते पाखरू गोळीने पाडतो, आणि आसारियास त्या धन्याला झाडाला फासावर लटकवतो. वर्गात शब्दांवर पोट भरणारा मी. पण या म्हाताऱ्याची वाकडी मान आणि भिरभिरती नजर पाहिली आणि भाष्य करायला जीभ रेटेना. कुठेही कीव मागितलेली नाही. खाणवस्तीत जन्मलेल्या माणसानेच गड्याला असे ताठ उभे करावे! कान महोत्सवात या भूमिकेसाठी राबालला अभिनयाचे पारितोषिक मिळाले, सहकलाकार अल्फ्रेदो लांदाबरोबर विभागून.

१९९९ मध्ये कार्लोस साउराच्या चित्रपटात तो चित्रकार गोया झाला, बोर्दो शहरी परागंदा होऊन अखेरचे दिवस कंठणारा. त्याबद्दल मिळालेल्या पुरस्काराचे नावही ‘गोया’च. २००१ च्या ऑगस्टमध्ये माँट्रियलच्या महोत्सवाहून परतताना त्याला विमानातच मृत्यूने गाठले. विमान वाटेत उतरवले गेले, ते बोर्दोला.