कापडावरील पांढरा रंग आणि त्याचे गणित

नेरूळ येथील डॉ. डी. वाय. पाटील क्रीडांगणावर २ नोव्हेंबर २०२५ रोजी महिलांच्या क्रिकेट विश्वचषकाचा अंतिम सामना झाला व भारताने दक्षिण आफ्रिकेचा ५२ धावांनी पराभव केला. अशा प्रसंगी प्रेक्षागार निळ्या सदऱ्यांनी भरून जाते. गडद निळ्या कापडावर पांढरे वा केशरी अक्षर इतके स्वच्छ कसे उमटते, हा प्रश्न मात्र पाहणाऱ्याच्या मनात सहसा येत नाही. वस्तुतः कापड-छपाईतील सर्वांत अवघड रंग पांढरा हाच होय. आणि तो कोठे, किती व केव्हा द्यावयाचा याचा निर्णय आज बहुतांशी संगणकाची आज्ञावली, म्हणजे सॉफ्टवेअर, करीत असते.

कागदावरील नित्याच्या छपाईत पांढरी शाई नसतेच. तेथील रंगीत शाया पारदर्शक असतात. प्रकाश शाईतून आत जातो, कागदावर आपटून परततो व डोळ्यास रंग दिसतो. जेथे शाई नाही तेथे कोरा कागद दिसतो आणि तोच पांढऱ्याचे काम करतो. हीच पिवळी शाई गडद निळ्या कापडावर पडली, तर परतण्यास प्रकाशच उरत नाही आणि पिवळा जवळजवळ नाहीसा होतो. यास्तव रंगाखाली प्रथम पांढऱ्याचा अपारदर्शक थर घालावा लागतो. या थरातील रंगद्रव्य टायटॅनियम डायॉक्साइड हे होय. त्याच्या रुटाइल या रूपाचा वक्रीभवनांक सुमारे २.७ आहे, तर ज्या राळेत ते मिसळलेले असते तिचा सुमारे १.५. या मोठ्या अंतरामुळे प्रकाश कणाकणावर विखुरला जातो आणि थर पांढरा दिसतो. असा थर किती जाड असता पाठीमागचा रंग झाकला जाईल, याचे गणित कुबेल्का व मुंक यांनी १९३१ मध्येच मांडून ठेवले होते. हे द्रव्य पाण्याच्या चौपटीहून अधिक जड असल्यामुळे शाईत तळाशी बसते व यंत्राची सूक्ष्म छिद्रे बुजविते. पांढरी शाई सतत ढवळत ठेवण्याची व्यवस्था यंत्रांत करावी लागते ती यामुळेच.

सध्या प्रचारात असलेल्या डीटीएफ पद्धतीत छपाई कापडावर न करता प्रथम पारदर्शक फिल्मवर करतात. आकृती आरशातल्याप्रमाणे उलटी घेतात, आधी रंग छापतात व त्यावर पांढरा. शाई ओली असतानाच तिच्यावर चिकट भुकटी पसरून ती वितळवितात. मग फिल्म कापडावर पालथी घालून हीट प्रेसखाली सुमारे १५० ते १६० अंश सेल्सियसवर दहा-पंधरा सेकंद दाबतात. फिल्म सोलून काढली की क्रम आपोआप उलटतो. पांढरा खाली जातो, रंग वर येतो. कापडावर थेट छापणाऱ्या यंत्रात याच्या नेमके उलट, म्हणजे पांढरा आधी व रंग नंतर.

या सर्व क्रियेत आकृतीचे यंत्राला कळेल अशा ठिपक्यांत रूपांतर करणाऱ्या आज्ञावलीस व्यवसायात ‘रिप’ म्हणतात. तिच्यापुढील पहिला पेच असा की, संगणकाच्या पडद्यावर पांढरा रंग व रिकामी जागा एकसारखीच दिसतात. साध्या मुद्रकाच्या लेखी पांढरा म्हणजे ‘शाई नको’. कापडावर मात्र त्याच पांढऱ्याचा अर्थ ‘सर्वाधिक शाई हवी’ असा होतो. म्हणून आकृतीत रंगांच्या तीन आकड्यांखेरीज पारदर्शकतेचा चौथा आकडा असावा लागतो. जेपीईजी प्रकारच्या चित्रात तो नसतो, पीएनजीमध्ये असतो. काळ्या सदऱ्यावर बोधचिन्हाभोवती पांढरी चौकट उमटलेली दिसते, तिचे मूळ बहुधा येथेच असते. दोष यंत्राचा नसतो.

दुसरा निर्णय कापडाच्या रंगाचा. काळ्या सदऱ्यावरील चित्रात काळा भाग छापण्याचे कारण नाही. तेथे कापडच उघडे ठेवावे. शाई वाचते, आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे चित्र रबरी पत्र्यासारखे ताठ न होता कापडाबरोबर वाकते. म्हणजे कापड हीच एक शाई मानून आज्ञावली हिशेब करते. सावल्या व धूसर कडा यांची गोष्ट निराळी. अर्धपारदर्शक जागी पांढरा विरळ ठिपक्यांनी पडतो. भुकटी त्या प्रत्येक ठिपक्याला धरते आणि कडेला राखाडी धूळ बसल्यासारखे दिसते. फार बारीक ठिपके तर धुण्यात निघून जातात. म्हणून अशा जागी ठिपके एका किमान आकाराहून लहान होऊ द्यावयाचे नाहीत असे बंधन घालावे लागते.

मराठी वाचकाच्या दृष्टीने खरा महत्त्वाचा निर्णय तिसरा. पांढरा व रंगीत थर तंतोतंत एकमेकांवर बसतीलच असे नाही. केसभर सरकले तरी अक्षराभोवती पांढरी कड डोकावते. ती टाळण्यासाठी आज्ञावली पांढरा थर चारी बाजूंनी थोडा आत घेते. यास कारखान्यात ‘चोक’ म्हणतात. इंचाला ७२० ठिपके असता एक ठिपका सुमारे ०.०३५ मिलिमीटरचा. प्रत्येक बाजूने तीन ठिपके आत घेतले, तर रेषेची जाडी सुमारे ०.२१ मिलिमीटरने घटते. पाठीवरील हातभर लांबीच्या नावाला याने काहीच बाधा येत नाही. परंतु छातीवरील लहान अक्षरांत शिरोरेषा ०.३ मिलिमीटरच असेल, तर तिच्याखाली जेमतेम ०.०९ मिलिमीटर पांढरा उरतो. भुकटी मुख्यतः पांढऱ्या शाईलाच चिकटत असल्यामुळे अशी रेषा केवळ मंदच होत नाही, ती कापडाला धरतही नाही. रोमन लिपीतील ठसठशीत अक्षरांना जो चोक निर्धास्तपणे लावता येतो, तो देवनागरीतील वेलांट्या, उकार, ‘श्र’ व ‘क्ष’ यांचे सांधे आणि मुख्यतः अनुस्वार यांचा घास घेतो.

नवी मुंबईतील गोविंदा पथकांचे सदरे हे याचे चांगले उदाहरण ठरावे. घणसोली, कोपरखैरणे, ऐरोली, दिवाळे ही मुळातली आगरी-कोळी गावे १९७० मध्ये सिडकोची स्थापना होऊन शहर वाढू लागल्यावरही आपापली ओळख राखून आहेत, आणि सण-उत्सवांच्या सदऱ्यावर गावाचे व मंडळाचे नाव देवनागरीतच असावे हे स्वाभाविकच आहे. जाळीच्या छपाईत प्रत्येक रंगाला स्वतंत्र जाळी करावी लागते, त्यामुळे थोडक्या सदऱ्यांना व प्रत्येकावर वेगळे नाव असल्यास ती परवडत नाही. फिल्मच्या पद्धतीत ही अडचण नाही. परंतु लहान अक्षरांत अनुस्वार गळला की ‘गोविंदा’चा ‘गोविदा’ व ‘संघ’चा ‘सघ’ होतो. उपाय साधा आहे. लहान मजकुरापुरता चोक शून्यावर वा एका ठिपक्यावर आणावा, किंवा अक्षरास त्याच रंगाची बारीक कड देऊन ते आधीच जाड करावे. मजकूर निव्वळ पांढरा असेल, तर वर रंगच नसल्यामुळे चोकची गरजच उरत नाही. तरीही सर्व आकृतीला एकच आकडा लावून मोकळे होण्याची सवय सुटत नाही, ही खेदाची गोष्ट होय.

याच्या जोडीला टंकाचा प्रश्न आहे. युनिकोडमध्ये देवनागरी १९९१ पासून आहे. तथापि छपाईच्या धंद्यात श्रीलिपीसारखे जुन्या संकेतांचे टंक दीर्घकाळ रूढ राहिले. तो टंक ज्या संगणकावर नाही तेथे मजकूर उघडला, की अक्षरांच्या जागी भलतीच चिन्हे येतात. रिपकडे पाठविण्यापूर्वी अक्षरांचे बाह्यरेषांत रूपांतर करणे हाच येथे निर्धोक मार्ग.

जेथे आज्ञावलीचे काही चालत नाही अशा जागाही आहेत. गोकुळाष्टमी श्रावणात येते. दमट हवेत भुकटी कोरड्या फिल्मलाही चिकटू लागते आणि तेथे हवा कोरडी राखण्यावाचून गत्यंतर नसते. खेळाडूंच्या पॉलिएस्टरच्या सदऱ्यांची अडचण आणखी खोल आहे. नोएल द प्लास यांनी १९५७ मध्ये फ्रान्समध्ये ज्या तत्त्वावर कागदावरून कापडावर रंग चढविण्याची पद्धत काढली, तेच येथे उलटते. उष्णतेने कापडातील रंगाची वाफ होऊन ती वरच्या पांढऱ्यात शिरते. निळ्या सदऱ्यावरील क्रमांक काही दिवसांनी निळसर आणि लाल सदऱ्यावरील गुलाबी होतो. पांढऱ्याचे प्रमाण वाढवून हे थांबत नाही. दाबण्याचे तापमान उतरविणे व मध्ये रंग अडविणारा थर घालणे, एवढेच हाती राहते.

अशा कारखान्यात मागील वर्षाचे काम साठवून ठेवलेले असते. पथकाने सदऱ्याचा रंग काळ्याचा भगवा केला आणि जुनीच फिल्म पुन्हा काढली, तर ज्या जागी पूर्वी कापडाने काळ्याचे काम केले होते तेथे आता भगवा दिसेल. पांढऱ्याचा थर कापडागणिक नव्याने मोजावा लागतो. म्हणून रिपमधून निघालेली ठिपक्यांची प्रत न ठेवता, पारदर्शकतेसह मूळ आकृतीच जपून ठेवणे सोयीचे पडते.