काळ्या यादीचे पत्र आले, तर गप्प बसू नका!

मागच्या पावसाळ्यात धुळ्याकडचे एक नाना आमच्याकडे आले. बायकोचे दागिने मोडून त्यांनी शाळांना बाके पुरवण्याचा धंदा उभा केलेला. हातात एका कार्यालयाचे पत्र होते. माल उशिरा दिला म्हणून नाव काळ्या यादीत टाकले होते. "अण्णा, आता पोरांनी काय करायचं?" एवढेच ते म्हणाले.

आम्ही विचारले, "नाना, आधी नोटीस आली होती का?" आली होती, पण तीत फक्त दंड का करू नये असे विचारले होते. काळ्या यादीचा शब्दही नव्हता.

आम्ही कारकुनी करतो, म्हणून हे पत्र किती जड असते ते जाणतो. निविदा भरताना बहुधा प्रतिज्ञापत्र द्यावे लागते, की आम्हांला कोणत्याही कार्यालयाने काळ्या यादीत टाकलेले नाही. म्हणजे धुळ्यात बसलेला डाग जळगावातही आडवा येतो. मालकाबरोबर सुतार, वेल्डर, हमाल यांच्याही चुली विझतात.

पण कार्यालयाला वाटेल तसा हा डाग लावता येत नाही. एरुशियन इक्विपमेंट विरुद्ध पश्चिम बंगाल या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९७४ सालीच सांगितले, की नाव काळ्या यादीत घालण्यापूर्वी त्या माणसाचे म्हणणे ऐकलेच पाहिजे. सरकार व्यवहार करते तेव्हाही घटनेच्या कलम १४ मधील समानता त्याला बांधून ठेवते. २०१४ साली गोरखा सिक्युरिटी सर्व्हिसेसच्या खटल्यात याच न्यायालयाने ठरवले, की काळ्या यादीचा विचार असेल तर तो नोटिशीतून स्पष्ट कळला पाहिजे. नानांची नोटीस नेमकी इथेच लंगडी होती.

शिक्षाही चुकीच्या मानाने हवी. आपल्या मुंबईतील दूरसंचार प्रकल्पाचे उदाहरण घ्या. कुल्जा इंडस्ट्रीज या पुरवठादाराला भारत संचार निगमने कायमचे बाद केले. मुंबई उच्च न्यायालयात त्याला दाद मिळाली नाही. २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने मात्र कायमची बंदी रद्द केली आणि किती काळ बंदी घालायची ते नव्याने ठरवायला सांगितले. २०२४ साली कोलकाता महापालिकेच्या प्रकरणात न्यायालयाने म्हटले, की करारातील साधा वाद हे काळ्या यादीचे कारण होऊ शकत नाही.

याचा अर्थ लबाडाला मोकळे रान, असा कोणी घेऊ नये. आश्रमशाळेत किडके धान्य किंवा दवाखान्यात खोटे औषध देणाऱ्याला बाहेर काढलेच पाहिजे. ते अन्न आपलीच लेकरे खातात. आपले म्हणणे एवढेच, की आधी ऐका, मग शिक्षा करा.

म्हणून धंद्यात पडलेल्या बंधू-भगिनींनी, बचत गटांनी, मजूर संस्थांनी काही गोष्टी अंगवळणी पाडाव्यात. कार्यादेश, चलन आणि माल मिळाल्याची सही-शिक्क्याची पोच जपून ठेवावी. उशीर होणार असेल तर मुदत संपण्याआधी मुदतवाढीचा अर्ज द्यावा. कारणे दाखवा नोटीस आली, तर दिलेल्या मुदतीत लेखी उत्तर द्यावे आणि आवक क्रमांक घ्यावा. तोंडी "साहेबांना भेटलो" याला दप्तरात किंमत नाही. प्रतिज्ञापत्रात खोटे कधीही लिहू नये.

तरीही अन्याय झाला, तर कलम २२६ खाली उच्च न्यायालयात जाता येते. जळगाव-धुळ्यासाठी ते छत्रपती संभाजीनगरचे खंडपीठ. जळगावकरांना अजिंठ्याची वाट, धुळेकरांना कन्नडचा घाट. वकिलाची फी परवडत नसेल, तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात चौकशी करावी. १९८७ च्या कायद्याने महिला व अनुसूचित जातींच्या व्यक्ती विनामूल्य विधी साहाय्यास पात्र आहेत.

नानांचा अर्ज आम्ही बसून लिहिला. उत्तर यायचे आहे. पण आवक क्रमांकाची पोच खिशात घालून नाना घरी गेले, तेव्हा त्यांची मान ताठ होती.