अंधारातला डोळा, दिव्याजवळची लेखणी

अभ्रिका, म्हणजे वायू आणि धूळ यांचे किंवा अतिदूरच्या असंख्य ताऱ्यांचे धूसर दिसणारे पुंजके, शोधण्याच्या कामात दुर्बिणीइतकेच महत्त्व निरीक्षकाच्या डोळ्याच्या अवस्थेला असते. ताऱ्याचा प्रकाश एका बिंदूत एकवटलेला असतो, अभ्रिकेचा मात्र तिच्या साऱ्या विस्तारावर पातळ पसरलेला असतो. त्यामुळे तो जाणवण्यासाठी डोळ्याची बाहुली विस्फारलेली आणि दृष्टिपटल अंधाराला सरावलेले असावे लागते, आणि हा सराव व्हायला अर्धा तास लागत असला तरी तो मोडायला दिव्याकडे टाकलेली एक नजर पुरते. खरी अडचण इथेच सुरू होते, कारण दिसलेली वस्तू तत्काळ नोंदली नाही तर तिची जागा हरवते, आणि नोंदायचे तर उजेड हवा. विल्यम आणि कॅरोलाइन हर्शेल या भावंडांनी इंग्लंडमध्ये 1783 पासून ज्या रीतीने ही अडचण सोडवली, ती रीत त्यांनी शोधलेल्या कोणत्याही एका अभ्रिकेपेक्षा मोठी मानावी लागते.

त्यांच्या आधी पॅरिसच्या शार्ल मेसिये यांनी अशा वस्तूंची यादी केली होती, पण तिचा हेतू वेगळा होता. मेसिये धूमकेतूंच्या मागावर असत. 1758 मध्ये वृषभ राशीत त्यांना धूमकेतूसारखाच एक डाग दिसला, जो ताऱ्यांमधून पुढे सरकेना, आणि अशा फसव्या डागांनी पुन्हा वेळ खाऊ नये म्हणून 1781 पर्यंत त्यांनी 103 वस्तूंची सूची छापली. वृषभेतील तो डाग, आजची खेकडा अभ्रिका, तिच्यात पहिल्या क्रमांकावर आहे. त्याच वर्षी युरेनसचा शोध लावणाऱ्या विल्यम यांच्या हाती वर्षाअखेरीस ही सूची आली, आणि मेसिये ज्यांना टाळू पाहत होते त्याच वस्तू त्यांनी आपल्या आयुष्याचा विषय केल्या. कॅरोलाइन यांनीही छोट्या दुर्बिणीतून 1783 च्या शरद ऋतूत शिल्पकार तारकासमूहातील एक मोठी दीर्घिका स्वतंत्रपणे शोधली.

विंडसरजवळच्या डॅचेट गावी ऑक्टोबर 1783 मध्ये उभी राहिलेली दुर्बीण 20 फूट केंद्रांतराची, म्हणजे आरशापासून प्रतिमेपर्यंत तेवढे अंतर असलेली, आणि 18.7 इंच व्यासाच्या आरशाची होती. आरसा काचेचा नसून तांबे आणि कथील यांच्या मिश्रधातूचा होता. कथील पुरेसे घातले तर ही धातू पांढरी व चकचकीत होते, पण ठिसूळही होते, शिवाय इंग्लंडच्या दमट हवेत तिची झळाळी उतरते, म्हणून ती पुनःपुन्हा घासावी लागे आणि प्रत्येक घासणीत आरशाचा नेमका आकार बिघडण्याचा धोका असे.

आरंभी विल्यम एकटेच दुर्बीण आडवी सरकवत, पाहत आणि मग दिव्याजवळ जाऊन लिहीत. यात हातही थकत आणि डोळाही दर वेळी आंधळा होई. डिसेंबर 1783 मध्ये त्यांनी सारी रचना उलटी केली. दुर्बीण याम्योत्तर वृत्तावर, म्हणजे उत्तर-दक्षिण जाणाऱ्या आकाशातील काल्पनिक रेषेवर स्थिर केली गेली; एक गडी दोर ओढून नळी सुमारे दोन अंशांच्या पट्ट्यात वर-खाली हलवू लागला, पट्ट्याचे टोक आले की घंटी वाजे, आणि आडवी हालचाल पृथ्वीच्या स्वतःभोवतीच्या फिरण्यावर सोपवली गेली. दुर्बिणीतून एका वेळी दिसणारा आकाशाचा तुकडा 15 कलांचा, म्हणजे पूर्ण चंद्राच्या निम्म्या रुंदीचा होता, आणि विषुववृत्ताजवळचा तारा तेवढे अंतर एका मिनिटात ओलांडतो; एवढ्या अवधीत नळी पट्टाभर फिरली नाही, तर मधले आकाश न पाहिलेलेच राहणार. गड्याच्या हाताची लय बिघडणे म्हणूनच डोळा चुकण्याइतकेच घातक होते.

विल्यम उंच मचाणावर डोके काळ्या कापडाने झाकून नेत्रिकेला डोळा लावून असत. एखादा ठळक तारा समोरून गेला तरी नजर पुन्हा सावरायला बराच वेळ लागतो, असे त्यांनी स्वतःच नोंदले आहे. कॅरोलाइन घरात, उघड्या खिडकीशी, दिवा, ताऱ्यांच्या गतीवर चालणारे नाक्षत्र घड्याळ आणि खगोलशास्त्रज्ञ फ्लॅमस्टीड यांची तारासूची घेऊन बसत. वरून आलेला प्रत्येक शब्द त्या मोठ्याने परत उच्चारत, म्हणजे ऐकण्यातली चूक तिथेच पकडली जाई, आणि त्यासोबत घड्याळातील वेळ व नळीचा कोन लिहीत. दोघांपैकी एकाला रात्रभर उजेड दिसत नसे आणि दुसरीला आकाश. पट्ट्यातून जाणाऱ्या ज्ञात ताऱ्याशी तुलना करून अभ्रिकेचे स्थान काढायचे, आणि दिवसा ते सारे गणित करून स्वच्छ प्रत लिहायची, हे कामही कॅरोलाइन यांचेच असे. त्यांना लेखनिक म्हणणे अपुरे आहे; खिडकीतले ते टेबल दुर्बिणीचाच एक भाग होते. 31 डिसेंबर 1783 च्या रात्री बर्फावरून घाईने जाताना त्या घसरल्या आणि यंत्राचा लोखंडी आकडा त्यांच्या मांडीत घुसला. तरीही ही भागीदारी थांबली नाही.

सप्टेंबर 1802 पर्यंत असे 1112 पट्टे पाहून झाले आणि 1786, 1789 व 1802 च्या तीन सूचींत मिळून 2500 अभ्रिका व तारकागुच्छ नोंदले गेले. विल्यम यांनी त्यांचे आठ वर्ग पाडले, ते मुख्यतः दिसण्यावरून: तेजस्वी, मंद, अतिमंद, ग्रहासारखी गोल तबकडी दिसणाऱ्या, आणि पुढे गुच्छ किती दाट यावरून. बहुतांश नोंदी मंद आणि अतिमंद या दोन वर्गांतल्या आहेत, आणि विसरलेल्या दिव्याने नेमक्या त्याच गमावल्या असत्या. विल्यम 1822 मध्ये वारल्यावर हॅनोव्हरला परतलेल्या कॅरोलाइन यांनी ही सूची ध्रुवापासूनच्या अंतरानुसार पुन्हा मांडली. त्यांचे भाचे जॉन यांनी तिच्या आधारे उत्तरेकडील आकाश पुन्हा तपासले, आणि जॉन यांच्या कामावर 1888 मध्ये खगोलशास्त्रज्ञ ड्रायर यांनी 7840 वस्तूंचा ‘न्यू जनरल कॅटलॉग’ उभा केला.

या वस्तू कशाच्या बनल्या आहेत, या प्रश्नावर मात्र विल्यम यांचे मत बदलत गेले. पुरेशी मोठी दुर्बीण असेल तर प्रत्येक अभ्रिका ताऱ्यांत विभागलेली दिसेल, असे त्यांना बराच काळ वाटे. पण 13 नोव्हेंबर 1790 रोजी वृषभेत त्यांना एकच तारा आणि त्याभोवती सारखे पसरलेले तेज दिसले, आणि ते तेज दूरच्या ताऱ्यांचे नाही हे त्यांनी पुढच्या वर्षी जाहीरपणे मान्य केले. स्वतःच्याच सिद्धान्ताविरुद्ध साक्ष देणारी ही नोंद चौथ्या वर्गात 69 व्या क्रमांकावर आहे.

अभ्रिकेचे तेज ताऱ्यांचे नसूही शकते, याचा पुरावा मिळायला 1864 साल उजाडले. लंडनमध्ये विल्यम हगिन्स यांनी प्रकाशाचे रंग वेगळे करणारा वर्णपटदर्शक कालेय तारकासमूहातील एका अभ्रिकेकडे वळवला, तेव्हा ताऱ्यांसारखा रंगांचा अखंड पट्टा दिसण्याऐवजी त्यांना काळोखात मोजक्या तेजस्वी रेषा दिसल्या, आणि असा वर्णपट तापलेला विरळ वायूच देतो. ही अभ्रिका हर्शेल यांच्या दुर्बिणीसमोरून 15 फेब्रुवारी 1786 रोजी गेली होती, आणि हगिन्स तिला अजूनही त्यांनीच दिलेल्या नावाने, चौथ्या वर्गातील 37 वी, म्हणून ओळखत होते.