हात सुताराचा, हात कारकुनाचा

मोटारीच्या धडकेत माणूस जबर जखमी होतो. हात किंवा पाय कायमचा अधू होतो. मग डॉक्टर दाखला देतात. त्यावर आकडा असतो : अपंगत्व ६० टक्के. लगेच लोक म्हणतात, “साठ टक्के कमाई गेली, तेवढीच भरपाई!” हा हिशेब खरा नव्हे.

दाखल्यावरचा आकडा शरीराचा असतो. कमाईचा आकडा निराळा. सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली राजकुमार विरुद्ध अजयकुमार या खटल्यात हे उलगडून सांगितले आहे. समजा, दोघांचा डावा हात तुटला. दोघांच्याही दाखल्यावर ६० टक्केच लिहिले आहे. एक सरकारी कचेरीतला कारकून. तो उजव्या हाताने लिहील, त्याची नोकरी टिकेल. दुसरा सुतार. त्याने एका हाताने पटाशी धरायची, की हातोडी मारायची? त्याचा धंदाच बसला. त्याची जवळजवळ सगळी कमाई बुडाली, असे कोर्ट धरू शकते. अर्थात दुसरे एखादे काम करून तो पोट भरू शकेल का, हेही कोर्ट पाहते.

आता आकडे मांडू. गणिताला भिऊ नका. बाजारात तुम्ही याहून अवघड हिशेब तोंडी करता. सुताराचे वय ३८. महिन्याची कमाई १०,००० रुपये, म्हणजे वर्षाची १,२०,०००. स्वतःचा धंदा आणि वय चाळिशीच्या आत, तर पुढे कमाई वाढली असती म्हणून ४० टक्के जास्त धरतात. हे २०१७ च्या निकालाने ठरले. झाले १,६८,०००. वयाप्रमाणे गुणायचा आकडा २००९ च्या सरला वर्मा निकालातल्या कोष्टकात आहे. ३६ ते ४० वयाला तो १५ आहे. गुणाकार आला २५,२०,०००. कोर्टाने नुसता दाखला पाहून ६० टक्के धरले, तर हातात येतील १५,१२,०००. फरक दहा लाखांचा! म्हणून डॉक्टरांची साक्ष महत्त्वाची. हा माणूस कोणते काम करू शकेल नि कोणते नाही, ते डॉक्टरांनी कोर्टात सांगायला हवे. नुसता कागद दाखल करून भागत नाही.

यावर औषधपाणी, जाण्यायेण्याचा खर्च, बुडालेली मजुरी, पुढचे उपचार आणि सोसलेल्या वेदना यांचे पैसे वेगळे. वेदनांचे पैसे कारकुनालाही मिळतात. मात्र चूक थोडी आपलीही असली, तर तेवढी रक्कम कापली जाते.

औषधाची चिठ्ठी अन् चिठ्ठी जपून ठेवा. सुताराला पगारपत्रक कुठले? ज्यांची कामे केली, त्यांची साक्ष चालते. दवाखान्यात खाटेपाशी कोणी हजार-दोन हजार पुढे करून अंगठा मागू लागला, तर देऊ नका. आधी कागद वाचून घ्या.

अर्ज मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे करायचा. अपघात परजिल्ह्यात झाला, तरी तो आपण राहतो तिथे करता येतो. २०१९ च्या दुरुस्तीने कायद्यात सहा महिन्यांची मुदत घातली. ती १ एप्रिल २०२२ पासून लागू झाली. तेव्हा जखम भरायची वाट पाहत बसू नका. वकील परवडत नसेल, तर जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय असते, तिथे चौकशी करा.