ओठ न हलवता

२ ऑक्टोबर १९७२ रोजी वरळीहून मुंबई दूरदर्शन सुरू झालं, तेव्हा आमच्या राळेगावात त्याचा पत्ताही नव्हता. पुढच्या वर्षी सिंहगडावरच्या प्रक्षेपकामुळे ते पुण्यापर्यंत पोचलं. वर्धा नदीच्या अलीकडच्या आम्हा कापूसवाल्यांच्या छपरांवर अँटेना दिसायला मात्र ऐंशीचं दशक उजाडावं लागलं. त्यामुळे रामदास पाध्ये कोण हे कळायच्या आधीच त्यांचे बाहुले आमच्या ओळखीचे झाले: लिज्जत पापडाच्या जाहिरातीतला ससा आणि १९९३ साली महेश कोठारेंच्या ‘झपाटलेला’तला तात्या विंचू. दोघेही पाध्यांच्याच हातचे. नाव मात्र बाहुल्यांचं झालं, आणि बोलक्या बाहुल्यांच्या या धंद्यात तसंच व्हावं लागतं.

हा वारसा घरचा. वडील यशवंत केशव पाध्ये जादूगार आणि शब्दभ्रमकार. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात त्यांनी अर्धवटराव या बाहुल्याला बोलतं केलं. पुढे आवडाबाई आल्या आणि संसार थाटला गेला. रामदास शिकले मेकॅनिकल इंजिनिअरिंग आणि १९६७ पासून स्वतः रंगमंचावर उभे राहिले. ते शिक्षण वाया गेलं असं कोण म्हणेल? बाहुल्याची मान फिरवायची, जबडा उघडायचा, बुबुळं हलवायची, आणि हे सगळं एकाच हाताच्या बोटांनी, प्रेक्षकांकडे बघत, दुसऱ्याच आवाजात भांडता भांडता करायचं.

खरी मेख ओठांची. प, ब, भ, म ही अक्षरं ओठ मिटल्याशिवाय निघत नाहीत. शब्दभ्रमकार ओठ किंचित विलग ठेवून दातांमागे जीभ टेकवतो आणि ‘ब’च्या जागी ‘द’च्या, ‘म’च्या जागी ‘न’च्या जवळचा आवाज काढतो. त्याच क्षणी बाहुल्याची मान झटकन वळते. डोळा तिकडे गेला की कान फसतो. नाट्यगृहात दहाव्या रांगेतल्या माणसाला हे सहज खपतं, कारण त्याला ओठ नीट दिसतच नाहीत. अमेरिकेत एडगर बर्गन तर १९३७पासून रेडिओवर बाहुला बोलवून अफाट लोकप्रिय झाले; त्यांचे ओठ हलतात, ही चेष्टा तिथे सर्रास चाले. टीव्ही आल्यावर ही सवलत संपली. एड सलिव्हनच्या थेट प्रक्षेपित कार्यक्रमात सेन्योर वेन्सेससारखे शब्दभ्रमकार टिकले ते कॅमेऱ्याला पुरून उरले म्हणूनच.

मुंबई दूरदर्शनच्या सुरुवातीच्या वर्षांत अर्धवटराव कृष्णधवल पडद्यावर आले, तेव्हा पाध्यांपुढे हीच परीक्षा होती. विनोदाला तिथे मान होता: याकूब सईद आणि बबन प्रभूंचं ‘हास परिहास’, विनायक चासकरांचा ‘गजरा’. चुटके, नकला, गाणी यांची अशी एकत्र गुंफण खडी गंमत आणि दंडार ही लोकनाट्यं पाहिलेल्या वऱ्हाडी माणसाला नवलाची वाटली नसती. पण नाटुकल्यातल्या नटाचं वाक्य चुकलं तर सोबतचा नट सावरून घेतो. शब्दभ्रमकाराचा सोबती लाकडाचा! शिवाय कॅमेऱ्याने नुसता बाहुला दाखवला तर कलाच संपली. तो आवाज कुणीही पडद्यामागून देऊ शकतो. माणूस आणि बाहुला एकाच चौकटीत हवेत, आणि चौकट जितकी जवळची तितकी जोखीम मोठी. त्या काळी चित्रफिती महाग, पुसून पुन्हा वापरल्या जात. त्यामुळे स्टुडिओतलं बरंचसं काम पडद्यावर दिसलं आणि तिथेच विरलं. आजच्या संशोधकाची पंचाईत होते ती इथे. गावोगावच्या जिवंत प्रयोगांची आठवण निदान प्रेक्षकांच्या तोंडी तरी आहे.

‘झपाटलेला’कडे या नजरेने पाहिलं की गंमत येते. त्यात लक्ष्मीकांत बेर्डे बोलक्या बाहुल्यांचे खेळ करणारा तरुण झाले, तात्या विंचूला आवाज दिला दिलीप प्रभावळकरांनी, बाहुला घडवला आणि चालवला पाध्यांनी. आयुष्यभर जी दोन कामं एका देहात सांभाळली, ती सिनेमाने दोघांत वाटून टाकली. संकलनाच्या टेबलावर ते सोपंही होतं आणि योग्यही. बाहुला भीतिदायक झाला, चित्रपट तुफान चालला. पण शब्दभ्रम म्हणून पाहिलं तर मला त्यापेक्षा अर्धवटरावांचा उद्धट सवाल आणि शेजारी पाध्यांचा ओशाळलेला चेहरा जास्त अवघड वाटतो. तिथे कात्री नाही.

२०१६ साली अर्धवटरावांची शंभरी साजरी झाली. पत्नी अपर्णा या प्रयोगांत बरोबर असतातच. मुलगा सत्यजित सनदी लेखापाल झाला, आणि तोही बाहुले हाती घेऊन रंगमंचावर उभा राहतो.