आरशातून आलेला सूर्यप्रकाश

परवा भाचीने विचारलं, "मामा, कॅमेरामन म्हणजे नुसता कॅमेरा धरणारा ना?" मी तिला 'कागज़ के फूल' लावून दाखवला.

१९५९ चा हा सिनेमा, भारतातला पहिला सिनेमास्कोप, म्हणजे रुंद पडद्याचा. छायालेखक व्ही. के. मूर्ती. रिकाम्या स्टुडिओत वरून उतरणारा तो प्रकाशाचा झोत आठवतोय?

तो दिव्याचा नाही, खऱ्या उन्हाचा आहे. मूर्तींनी बाहेरचं ऊन एका मोठ्या आरशावर घेतलं, तिथून आतल्या दुसऱ्या आरशावर आणि मग खाली.

यात दोन गोष्टी कळतात. उन्हाचे किरण जवळजवळ समांतर येतात, म्हणून झोत दिव्यासारखा पसरत नाही. आणि झोत डोळ्यांना दिसायचा तर हवेत धूर किंवा धूळ हवीच.

मूर्ती पुढे टीव्हीकडेही तितकंच मन लावून वळले. १९८८ मध्ये दूरदर्शनवर आलेली 'भारत एक खोज' त्यांनी चित्रित केली. त्यांचे साहाय्यक गोविंद निहलानी आधी नावाजलेले छायालेखक आणि मग दिग्दर्शक झाले.

२००८ चा दादासाहेब फाळके पुरस्कार मूर्तींना मिळाला. हा मान मिळालेले ते पहिले छायालेखक.

मी स्वतः लग्नाचं शूटिंग करतो. अंधाऱ्या हॉलमध्ये खिडकीसमोर पांढरा थर्माकोल धरला की नवरीचा चेहरा उजळतो. तत्त्व तेच!

प्रकाशयोजनेबद्दल काही विचारायचं असेल तर जरूर विचारा. जमेल तसं सांगेन.